आई झोपेत चालते

१२ मे
आई पडली असती! आमच्या गच्चीला कठडा नाही. उकाड्यानं सगळी परळी वर झोपते, तशा आम्हीही. जाग आली तेव्हा मी अगदी कडेला उभी, समोर आई, माझा दंड घट्ट धरून. मी कधी उठले, आठवतच नाही — तिच्यामागे धावले असणार.

१३ मे
सकाळी विचारलं, "आई, तू झोपेत चालतेस का गं?" ती भाकरी थापत राहिली. मग म्हणाली, "चालत असंल. वय झालं."
आणि मी? जुन्या मूकपटांतल्या झोपेत चालणाऱ्या माणसांवर वर्षभर निबंध लिहितेय! पुण्याच्या चर्चासत्रात वाचायचाय. घरातलं माणूस दिसलं नाही. लाज वाटली.

१५ मे
आईला एका मूकपटाचा तुकडा दाखवला. शंभर वर्षांपूर्वीचा. पांढऱ्या झग्यातली मुलगी भिंतीवरून चालते, हात पुढे करून. चित्रण भर दिवसाचं — फिल्म निळी रंगवली की झाली रात्र! खाली माणसं ओरडतात, आवाज नाही. मला हीच गंमत सांगायची होती. आईचा चेहरा पांढराफटक. "बंद कर ते! असलं कशापायी बघतीस?" लॅपटॉप आपटून मिटला. नवा आहे तो! मीही चिडले.

१६ मे
पुन्हा. या वेळी जिन्यात. तिनं मला कवटाळलं होतं.

१७ मे
बाळूदादा वैतागलाय. "आईला खालच्या खोलीत निजव, भायेरून कडी लाव. पडली म्हंजे?" मला वाटलं, आई रडेल. ती लगेच म्हणाली, "लाव कडी. पर पंचू माझ्यापाशीच निजंल." पंचू म्हणजे मी. डॉक्टरचं नाव काढलं तर अंगावरच आली. "बोभाटा करू नका. पोरीला बघायला पाव्हणे यायलेत."
माझ्या लग्नाचा इथे काय संबंध? कमाल आहे!

२० मे
पुण्याला जाऊ की नको? पडद्यावर अशांना कुणीतरी ऐनवेळी झेलतंच. इथे दादा झोपला की ढोल वाजवला तरी उठत नाही. आई सारखी म्हणते, "जाऊ नको." भिते बिचारी.

२२ मे, पुणे
आले शेवटी. वसतिगृहात चौथ्या मजल्यावर एकटीला खोली. निबंध बरा झाला, टाळ्याही पडल्या. जीव मात्र घरी. दादाला बजावलंय, डोळा लागू देऊ नकोस.

२३ मे
आत्ताच आईचा फोन. "म्या गाढ झोपले बाई. बाळू उगंच जागला."
मग हळूच —
"पंचू, तिथं तुझ्यामागं कोण उठायलंय गं?"