आधीचा

३ सप्टेंबर
आले एकदाची! तोर्सहाव्नसारख्या शहरात वाढलेल्या मुलीला बोट लागणार, अशी हानुसनं पैज लावली होती. हरला! लग्नानंतर पहिल्यांदाच त्याच्या बेटावर आलेय. घराच्या छपरावर गवत, आणि गवतात चक्क एक मेंढी चरत होती. सासूबाई म्हणाल्या, “तुरिद, ती मेंढी म्हणजे थोरली सून बरं का. तिला मान देऊन राहा.” वाऱ्यावर सुकवलेलं मटण नि बटाटे, पोटभर जेवले. इथं मी सुखात राहीन.

९ सप्टेंबर
मेंढ्या गोळा करताना एकीच्या मांडीवर चाव्याचा जुना, पांढरा व्रण दिसला. हानुस म्हणाला, काल नव्हता. मी हसले. जुना व्रण एका रात्रीत कसा उगवेल? तो हसला नाही.

१४ सप्टेंबर
व्रणावर आता खपली आलीय. जखम उलटी चाललीय. सासूबाईंनी सांगितलं, इथं एक जनावर आहे, ‘आधीचा’. आपण आजकडून उद्याकडे जातो, तो उद्याकडून येतो. म्हणून त्याच्या चाव्याचा व्रण आधी दिसतो, जखम मागून. रक्त आलं की तो पोचला.

१६ सप्टेंबर
सकाळी मेंढीला रक्त आलं. भर उन्हात, आमच्या डोळ्यांदेखत, आधी मागचे पाय नाहीसे झाले. मग पोट. डोकं शेवटपर्यंत ओरडत होतं.

२० सप्टेंबर
माझ्या पोटरीवर पांढरा व्रण. दातांचा.
सासूबाईंनी पाहिला आणि माझी चादर, उशी अंगणात आणून ठेवली. म्हणाल्या, “राग नाही गं तुझ्यावर. पण या घरात नको.”

२३ सप्टेंबर
व्रण लाल. शेजारी दारं लावून घेतात. होडीवाला ट्रोन्डूर मला न्यायला तयार नव्हता. हानुसनं त्याची गचांडी धरली तेव्हा निघाला. सासूबाई मागून ओरडल्या, “ने कुठंही! तो तिथं उद्यापासूनच बसलाय!”

२५ सप्टेंबर
तोर्सहाव्न. खपली. डॉक्टर म्हणाले, छान भरतेय जखम. हानुस त्यांच्यासमोरच रडला.

२६ सप्टेंबर
दुपार. खपली ओली झालीय. हानुसनं मला मिठीत घट्ट धरलंय. जा म्हटलं, ऐकत नाही. लिहीत राहा म्हणतो, म्हणून लिहितेय—

रक्त.

कुणी दिसत नाही. पाय गार— पाऊल नाही— दुखत नाही, नुसतं नाही—

हानुसच्या मानेवर, कॉलरखाली, पांढरा— सकाळी नव्हता. त्याला ठाऊक नाही. हानुस, तुझ्या मा—