सबिनाचा जोड

४ ऑक्टोबर

आले एकदाची सासरी! होडीत माझ्याबरोबर गादी, दोन मेंढ्या, शिवणयंत्र आणि आईने बांधून दिलेलं बटाट्यांचं पोतं. धक्क्यावर तिबुर्सियोकाका उभे होते. बेटाचे प्रमुख तेच. ओरडून म्हणाले, "काय रे फेर्मिन, बायको आणलीस की दुकान?" सगळे हसले. फेर्मिन कानापर्यंत लाल झाला. मी म्हटलं, काका, दुकानच आहे, उधारी मात्र बंद. मग तर बायका पदरात तोंड लपवून हसायला लागल्या. पाऊल बरं पडलं म्हणायचं.

घर छान आहे. निळं दार, खाली चूल, वर पाहुण्यांच्या दोन खोल्या. सासूबाईंचं नाव गुमेर्सिंदा. त्यांनी माझ्या कमरेचा पट्टा बोटांनी चाचपला आणि म्हणाल्या की वीण ढिली आहे, तुमच्या काठावर अशीच विणतात वाटतं. मी हसून बटाट्यांचं पोतं आत ओढलं, पहिलाच दिवस ना.

फेर्मिनची मुलगी नेली दाराआडून बघत होती. सहा वर्षांची आहे. तिची आई सबिना दीड वर्षापूर्वी सरोवरात गेली, हे मला लग्नाआधीच सांगितलं होतं. मी नेलीला साखरेची गोळी दिली. तिने घेतली, पण जवळ आली नाही. येईल हळूहळू.

९ ऑक्टोबर

कामाला तोटा नाही. पहाटे मेंढ्या, मग शेत, मग सूत. पाहुणे घराघरांत पाळीने जातात. पुनो शहरातून होडी आली की आम्ही बायकांनी धक्क्यावर सुताच्या चात्या फिरवत उभं राहायचं आणि काका नावं पुकारणार, हे दोघे कासिल्दाकडे, हे तिघे अमक्याकडे. एक रात्र जेवू-झोपू घालायचं, संध्याकाळी आपले कपडे नेसवून चावडीवर नाचायला न्यायचं आणि सकाळी होडीत बसवून द्यायचं. आमची पाळी पुढच्या आठवड्यात.

आज नेली माझ्याबरोबर मेंढ्यांमागे आली. सरोवराकडची वाट आली की थांबते. म्हणाली, देल्फिना, तू पाण्यात जाशील का? मी म्हटलं, नाही जाणार. तुलाही नाही जाऊ देणार. मग तिने माझं एक बोट धरलं, एकच. घरापर्यंत सोडलं नाही. मला इतकं बरं वाटलं की रडूच आलं, वेडी कुठली मी.

१७ ऑक्टोबर

पहिले पाहुणे! तीन बायका, तिघी उंच आणि तिघी सारख्या हसणाऱ्या. किन्वाचं सूप, तळलेलं चीज, बटाटे, सगळं चाटूनपुसून खाल्लं. नाचाच्या वेळी मात्र पंचाईत झाली. पाहुण्यांना नेसवायचे जोड घरात दोनच, आणि सासूबाई मेंढ्या आणायला टेकडीवर. त्यांच्या पलंगाखालच्या पेटीत एक सुंदर जोड सापडला: भरतकामाचं पांढरं पोलकं, हिरवा घेरदार घागरा, काळी ओढणी, घट्ट विणीचा पट्टा. म्हटलं, सासूबाईंचा लग्नातला असेल. हेड्विग नावाच्या पाहुणीला नेसवला. थोडा दमट लागला, पण पेटीतले कपडे तसेच असतात.

नाच झकास झाला. हेड्विग तर अशी नाचली की आमच्या बायका बघतच राहिल्या.

१८ ऑक्टोबर

सकाळी स्वयंपाकघरात आले तर हेड्विग चुलीपुढे बसलेली, अंगात अजून तो जोड. फुंकणी कोनाड्यात असते. ती तिला कुणी दाखवली? सुकवलेले काळे बटाटे चोळून सालं काढत होती, आमच्यासारखीच, अंगठ्याने. नेली आली. हेड्विग तिच्याकडे न बघताच म्हणाली, "ये गं, पाणकोंबडे." आमच्या भाषेत! कालपर्यंत तिला साधं पाणी मागता येत नव्हतं.

नेली धावत जाऊन तिच्या मांडीवर बसली.

वर जाऊन कपडे बदलून आली ती पुन्हा आपली खिदळणारी पाहुणी. तिला काही आठवत नव्हतं. पलंगावर ठेवलेला जोड उचलला तर त्यातून पाणी गळत होतं.

सासूबाईंनी तो माझ्या हातात पाहिला. वाटलं, आता मार बसतो. त्यांनी ओला घागरा उराशी धरला आणि खाली बसून म्हणाल्या, "आली होती. माझी सबिना आली होती."

२० ऑक्टोबर

शेजारच्या कासिल्दाने सगळं सांगितलं. सबिना गाईसाठी लव्हाळे कापायला गेली होती. नेलीला म्हणाली, इथंच काठावर थांब, आलेच. होडी सापडली, ती नाही. प्रेत नाही म्हणून सासूबाईंनी आठव्या दिवशी कपडे धुवू दिले नाहीत, जाळू दिले नाहीत. जिवंत बाईचे कपडे जाळू का, म्हणाल्या.

आमच्याकडे मेलेल्याचे कपडे आठव्या दिवशी वाहत्या पाण्यात धुतात आणि जाळतात. हे कुणी चुकवतच नाही. म्हणून तर पेटीत मेलेलीचं काही असेल असं माझ्या मनातही आलं नाही. माझ्या हाताने मी ते बाहेर काढलं! हात तोडून टाकावेसे वाटतात.

७ नोव्हेंबर

पुन्हा आमची पाळी आली. या खेपेला सासूबाईंनी मला बाजूला सारलं. आलेल्या दोघी पाहुण्यांपैकी सडपातळ होती तिला स्वतःच्या हाताने नेसवलं, पट्टा आवळला, वेण्यासुद्धा घातल्या. जेवताना ती नेलीला भरवत होती आणि फेर्मिन समोर बसून बघत होता. मी घरात आहे हे तिघांच्याही गावी नव्हतं.

८ नोव्हेंबर

सकाळी अंथरुणात नेली नाही. मी काठाकडे धावले. ती बाई गुडघाभर पाण्यात होती, नेली कमरेपर्यंत. पाण्याला घाबरणारी माझी नेली हसत होती! मी पोरीला ओढून काढलं. बाई शांतपणे म्हणाली, "लव्हाळे कापून झाले. आता तिला न्यायला आले. तू कोण?"

होडी सुटायची वेळ झाली, कपडे उतरले आणि ती पाहुणी आपले ओले पाय बघून हसली.

१० नोव्हेंबर

फेर्मिनला सगळं सांगितलं. तो रडला. म्हणाला, मला तिच्याशी एकदा बोलू दे, मग बघू. अरे, मग काय बघू? पोरगी पाण्यात गेल्यावर?

तिबुर्सियोकाकांकडे गेले. आमची पाळी काढून टाका म्हटलं. ते म्हणाले, पोरी, नव्या सुनेला जुनीचं भय वाटतंच, माझ्या बायकोलाही वाटायचं. पाळी चुकवली की घर यादीतून जातं आणि ते तुझ्या सासूने सांगायला हवं, तू नव्हे. वर मुन्याच्या पाल्याचा काढा पाजला आणि वाटेला लावलं.

नेलीला माझ्या आईकडे ठेवते म्हटलं. सासूबाई म्हणाल्या, आई भेटायला येते आणि पोर परगावी? होडीवालाही बापाशिवाय पोरीला घेईना.

१६ नोव्हेंबर

धुतला तो जोड. ओढ्यात, दोन तास, बोटं फुटेपर्यंत. मग जाळायला घेतला तर पेटेचना. चूल विझली, अंगणातला जाळ विझला, रॉकेलसुद्धा वरच्या वर जळून गेलं. तीन दिवस कडक उन्हात टाकला. बाकी सगळं वाळून कडकडीत झालं, हा तसाच, टपटप.

दगड बांधून सरोवरात सोडला. सकाळी अंगणात वाळणाच्या दोरीवर होता. सासूबाई रात्रभर माझ्याच शेजारी झोपल्या होत्या.

२९ नोव्हेंबर

तिसरी पाळी. मी नेलीला घेऊन वरच्या खोलीत, आतून कडी. जोड नेसलेली पाहुणी दाराबाहेर बसली होती. ओरडली नाही, दार वाजवलं नाही. नुसती म्हणत राहिली, पाणकोंबडे, उघड गं, मला थंडी वाजते. नेली मला बुक्के मारत होती. "ती माझी आई आहे, तू नाहीस!" खरं आहे. मी नाही. पण सोडलं नाही मी तिला.

सकाळी सासूबाईंनी पाहुणीच्या अंगावरून पोलकं काढलं तेव्हा मी मुद्दाम हात लावला. कोरडं. कोरडं आणि ऊबदार! घडी घालेपर्यंत पुन्हा ओलं.

म्हणजे अंगावर वाळतं. माणसाच्या अंगावरच.

१८ डिसेंबर

दोन दिवसांनी पाळी. नेली आता माझ्याशी बोलते, पण सारखी खिडकीतून सरोवर बघते. विचारते, आई म्हणते तशी पाण्याखाली खरंच ऊब असते का? मी म्हटलं, नाही, खोटं आहे. तिने ऐकून घेतलं. विश्वास ठेवला की नाही कोण जाणे.

जेवण जात नाही. कुणाला सांगू? सगळ्यांना सांगून झालं.

२० डिसेंबर, सकाळी

होडी दुपारी येणार. सासूबाई आणि फेर्मिन चावडीवर गेलेत, सभा आहे. घरात मी आणि नेली. एवढीच वेळ आहे.

जोड मीच घालते. माझ्या अंगावर वाळू दे. वाळला की तिथंच उतरवून चुलीत. चूल रसरशीत पेटवून ठेवली आहे. पाहुण्या सकाळी होडीने निघून जातात, मी इथंच राहणार, म्हणून भीती वाटते. पण मला माझं डोकं आहे. पाहुण्यांना ठाऊक नव्हतं, मला ठाऊक आहे.

नेलीला वरच्या खोलीत बसवलं, कडी आतून लावायला सांगितली. म्हटलं, मी हाक मारली तरी उघडायचं नाही. रडले तरी नाही. कपडे जळाले की मी दाराशी येऊन म्हणेन, "पेटलं गं, नेली." ते ऐकलं तरच उघडायचं. तिने तीनदा म्हणून दाखवलं. मग म्हणाली, लवकर ये हं. मला लवकर ये म्हणाली!

माझं भान सुटलं तर आठवण राहावी म्हणून सगळं इथं लिहून ठेवते. मी देल्फिना. चुलीत टाकायचं. मग वर जायचं.

घातला. देवा, किती गार.

दहा वाजले

दात वाजतात. चुलीला अगदी चिकटून बसले आहे. वाफ निघते — पोलक्याच्या बाह्या वाळल्या. वाळतंय! मी देल्फिना.

साडेदहा

पोलकं कोरडं. ओढणी कोरडी. घागऱ्याची किनार ओली आहे. एक ओलं राहिलं तर बाकीचंही — थांबायला हवं. थोडंच. मी देल्फि

हातांना लव्हाळ्याचा वास येतोय. पट्टा सुटत नाही. गाठ कशी मारली मी — ही माझी गाठ नाही —

किनार वाळली. उतरवायचं. उठायचं आणि उतर —

नंतर

किती ढिली वीण या बाईच्या पट्ट्याची. खुंटीला लटकलाय. माझ्या खुंटीला.

चूल केवढी पेटवली आहे. विझवली.

वर कुणीतरी आहे. पाणकोंबडी माझी. कडी आतून. हाक मारली तर म्हणते, नाही उघडणार, देल्फिनाने सांगितलंय. कोण देल्फिना? माझ्या पोरीला आईसाठी दार लावायला शिकवते —

रडले. तरी नाही उघडत. गुणाची आहे.

ही वही चुलीपाशी पडली होती. मला वाचता येतं, तिसरीपर्यंत शिकले आहे. सगळं लिहिलंय. काय म्हणायचं तेही.

म्हटलं, पेटलं गं, नेली.

कडी वाजली. ये. ये गं, माझ्या हाताला धर, एक बोट नाही, सगळा हात — चल, बघ तरी, पाणी खाली किती ऊब —