पूर्वेस सार्वजनिक मैदान

शनिवार, १५ तारीख

वन्सं,
नमस्कार. गुडघे कसे आहेत?

त्या सकाळी मी पाणी भरलं, अभ्रे धुतले आणि मागच्या मैदानात वाळत घालायला निघाले, तर दोरीच्या जागी तारेचं कुंपण. पलीकडे गोदामवाला खुर्ची टाकून बसलेला. म्हणाला, "मावशी, जागा माझी आहे. कपडे घरात वाळवा." ओला पिळा हातात घेऊन मी तशीच उभी. तिथून सुरू झालेला दावा तीन वर्षं चालला.

परवा निकाल लागला. आपण जिंकलो, वन्सं. मैदान सगळ्यांचं. त्याच मैदानात कपडे वाळवून पोट भरणारा आपला धोबी कोर्टाच्या पायऱ्यांवर माझ्या पाया पडायला लागला. म्हटलं, "ऊठ बाबा, तुला उचलायची ताकद नाही माझ्यात."

एवढं तुमच्या कानावर आलंच असेल. आठ महिने तुम्ही बोलला नाहीत, म्हणून बाकीचं लिहिते.

मामंजींनी घर घेतलं तेव्हाचं खरेदीखत मी वाचत बसले होते. तुमचे दादा म्हणायचे, "तू वाचत नाहीस, डाळीतले खडे वेचतेस." खरंच आहे. शाळेची पायरी न चढता मोठेपणी अक्षरं शिकलेलं माणूस एक शब्द गाळत नाही. घराच्या चारी बाजूंना काय आहे, ते शेवटी बारीक अक्षरात होतं: पूर्वेस सार्वजनिक मैदान. खाली विकणाऱ्याची सही. विकणारे कोण, तर गोदामवाल्याचेच आजोबा.

ते खत आम्ही कोर्टात दाखवलं. त्यावर त्याच्या वकिलाने उलटा डाव टाकला. "मग बाईंची मागची खोली मैदानात कशी? माझ्या अशिलाने यांच्या नवऱ्याला तोंडी परवानगी दिली होती. परवानगी मालकच देतो." आमच्या वकीलबाईंनी मला डोळ्यांनी दटावलं. खोली आपल्याच हद्दीत आहे, असं सांगायचं ठरलं होतं.

तुमच्या दादांनी ती खोली एकेक वीट आणून बांधली. त्याच खोलीत ते गेले. पण परवानगी, आणि त्या माणसाची? मी म्हणाले, "साहेब, खोली सहा फूट मैदानात आहे. आम्ही कोणालाच विचारलं नाही, ही आमची चूक. जागा आमची नाही, यांचीही नाही."

न्यायाधीशांनी विचारलं, "बाई, खोली जाईल. कळतंय ना?"

"कळतंय," म्हटलं.

तुम्ही मागच्या बाकावरून उठून गेलात. निरोप धाडलात, की दादाला चारचौघांत चोर ठरवलंस. वन्सं, एक गोष्ट तुमच्यापासून लपवली. शेवटच्या दुखण्यात ते भिंतीकडे बघत म्हणाले होते, "ही पुढे गेली गं. बरा झालो की मागे घेतो." बरे झाले नाहीत. ते बोलणं माझ्यापाशीच राहिलं.

निकालात कुंपणाला महिन्याची मुदत आहे, आपल्या खोलीलाही तेवढीच. वकीलबाई म्हणाल्या, "घाई नको, आधी त्याला काढू दे." गोदामवालाही गल्लीत सांगत होता, "म्हातारी कुठली पाडतेय."

काल सकाळी मी खोलीतली खाट बाहेर काढली, गवंड्याला बोलावलं आणि पहिली वीट माझ्या हाताने काढली. दुपारी त्याची माणसं तारा गुंडाळत होती.

तुमच्या दादांच्या घरातून,
तुमची वहिनी