हूडची पूजा

२९ सप्टेंबर, सोमवार
आजपासून घाबरायचं नाही. ठरलं! शहाद्याजवळच्या या केळीरोपांच्या लॅबमध्ये तीन वर्षं झाली, तरी पांढरा सूट, टोपी, मास्क चढवला की काही चुकेल याची धास्ती वाटते. आत सगळे सारखेच. शेजारी नवल आहे की धर्मेंद्र, ते जेवणाच्या सुट्टीत कळतं. हूडखाली, म्हणजे गाळलेल्या स्वच्छ हवेच्या काचपेटीत, कोंब कापा, बाटलीत लावा, झाकण घट्ट करा. बोलायचं नाही, तोंडातून जंतू उडतात. वर कॅमेरा.
मॅनेजर सर मात्र काचेतून रोज मलाच बघून मान हलवतात. सुपरवायझरची जागा माझीच.

२ ऑक्टोबर, दसरा
घरी वडिलांनी ट्रॅक्टरला झेंडूची माळ घातली. आणि मी ज्या हूडवर पोट भरतो त्याला साधं कुंकूही नाही? मन मानेना. सकाळी ७.४०. आत चिटपाखरू नाही. सुटात लपवून हळद-कुंकू नेलं, एक झेंडू नेला. अगरबत्ती लावली नाही, एवढी अक्कल आहे. चपला काढून नमस्कार केला. बरं वाटलं.

३ ऑक्टोबर
कुंकू स्पिरिटने पुसलं. विषय संपला.

७ ऑक्टोबर
दोनशे बाटल्यांत बुरशी. काळी, केसाळ. सगळ्या माझ्या हूडच्या आसपासच्या. अरे देवा! फुलाने असं होतं का कुठे? एसी बिघडला असणार. बायको नूतन म्हणाली, सरांना सांगून मोकळे व्हा. तिला लॅबमधलं काय कळतं!

८ ऑक्टोबर, दुपारी १.१५
नवल म्हणाला, सर कॅमेरा पाही ऱ्हायनात, सकाळपासून तेच बघत बसलेत, कोणाची तरी नोकरी जाणार. वर म्हणे, तू काबर घाबरी ऱ्हायना? म्हटलं, घाबरत नाही, थंडी वाजतेय. मास्कमध्ये कोण ओळखणार? डबा उघडलाच नाही.

९ ऑक्टोबर
सरांनी सुटातच सगळ्यांना उभं केलं. व्हिडिओ लावला. पडद्यावर एक पांढरा माणूस झेंडू ठेवतोय, हात जोडतोय. हा कोण, विचारलं. कोणीच ओळखलं नाही. नवलनेसुद्धा! गप्प राहिलो असतो तर सुटलो असतो. पण सरांचा माझ्यावर जीव. खरं बोललो तर उलट खूश होतील. हात वर केला.
मास्क काढायला सांगितला. काढला. सर बघतच राहिले. नवीन आहेस का, म्हणाले.
म्हटलं, तीन वर्षं झाली, सर.
मग त्यांनी नाव विचारलं. पहिल्यांदाच! मी खुशीत पूर्ण सांगितलं, वडिलांच्या नावासकट. कामावरून काढल्याच्या लेटरवर तेवढीच जागा रिकामी होती.