पुसलेल्या डिस्कमधलं लग्न

८ एप्रिल, धारूर
किळस आली. स्टुडिओतली लग्नांच्या शूटिंगची डिस्क सुधाकरने, माझ्या मेव्हण्याने, न विचारता घरी नेली. माझं मशीन लिनक्सचं, डिस्कही तशीच. त्याच्या विंडोजला ती वाचता आली नाही, विंडोजने विचारलं फॉरमॅट करू का, म्हणजे सगळं पुसू का, ह्याने दाबलं 'हो'. वर चालते का बघायला दोन सिनेमे टाकले. "दाजी, आता मस्त चालती की!"
दुसरी कॉपी नाही. कॅमेऱ्याची कार्डं मीच दर लग्नानंतर पुसतो. आळशी गाढव.

९ एप्रिल
घाटाखालच्या वस्तीवरच्या गयाबाई आल्या. मागच्या मेमधे पोरीचं लग्न केलेलं. ऊसतोडीला साखर कारखान्यावर जातोय, परत आल्यावर शूटिंग नेऊ, असं दोघं नवरा-बायको म्हणाले होते. आल्या एकट्याच. नवरा, मारुतीकाका, तिकडेच उसाच्या फडात वारला.
"त्येंचा आधार कार्डावरचा येक फोटो हाय. पर त्यो त्येंच्यासारका दिसतच न्हाई."
खरं सांगायची छाती झाली नाही. पंधरा दिवसांनी या म्हणालो. थू माझ्यावर.

१० एप्रिल
शहाण्यांची जत्रा. एक म्हणे, डिस्क फ्रीजमधे ठेव. सुधाकर म्हणे, रिकव्हरीचं सॉफ्टवेअर त्याच डिस्कवर टाकू. हाकलला. तिच्यावर आता काही म्हणजे काही लिहायचं नाही. जिथे लिहू तिथलं लग्न गेलं. बीडहून मोठी डिस्क आणली. जुनी फक्त वाचायची, तिची तंतोतंत नक्कल काढायची, शोधाशोध नकलेवरच.

१२ एप्रिल
नक्कल झाली. फायली निघतायत, पण नाव नाही, तारीख नाही. निम्म्या तुटक्या. शंभर नवरदेव, सगळे एकाच घोड्यावर. वैताग.

१५ एप्रिल
सापडला गयाबाईंचा मांडव. चाळीस सेकंद. डावीकडून गुलाबी फेटा आत येतो, तोंड वळायच्या आत माझाच आवाज: "ओ काका, मधे नका येऊ!" फेटा गायब. दुसरी क्लिप: "काका, सांगितलं ना, बाजूला व्हा!" तिसरीत नुसता अक्षता वाटणारा हात.
सुधाकरला आठवडाभर शिव्या घातल्या. ह्या मारुतीकाकाला तर मी लग्नातच पुसलं होतं.

२४ एप्रिल
गयाबाई आल्या. सगळं सांगितलं, दाखवलं. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. हाताची क्लिप चारदा लावायला लावली. "ह्यो त्येंचाच. आंगटी बगा."
मग म्हणाल्या, "पोरगी सासरी निगाली तवा ह्ये लई रडलते. तवा तुमी त्येनला हटकलं न्हवतं. ते बगा की."
पाठवणी अजून निघालेली नाही. नकलेचा शेवटचा भाग तपासायचा राहिलाय. चालू केलाय. चहा मागवला, बाईंनी घेतला नाही. बाकावर बसून आहेत.