चार गाठी

प्रिय भांडकुदळ बायकोस,
आज न भांडता आठवण काढतोय.

मी मजेत आहे. फोनवर तू "सगळं ठीक" म्हणून मोकळी होतेस, म्हणून लिहायला बसलो. पाय अजून सुजतात का? बाळ लाथा मारतं का? खरं काय ते कळव. बादल्या उचलू नकोस.

इथे उंच इमारतींच्या गॅलऱ्यांना कबुतरं शिरू नयेत म्हणून जाळ्या बांधतो. कमरेला पट्टा असतो, काळजी नको.

काल मात्र घोळ घातला. आधी कोपरे बघायचे असतात, पण माझं लक्ष फोनकडे. जाळी ताणून गाठी मारल्या आणि गॅलरीतल्या कपाटामागे अंड्यांवर बसलेली मादी आतच राहिली. दहाच्या सुमारास नर आला. दिवसा अंड्यांवर तो बसतो, तेव्हा कुठे ती दाणे टिपायला जाते. तो जाळीवर आपटायचा, कठड्यावर येरझाऱ्या घालायचा, परत आपटायचा. "जाईल कंटाळून," घरमालकीण म्हणाल्या. दुपारी मी डबा उघडला तरी तो हलेना. शेवटी कोपऱ्यातल्या चार गाठी कापल्या. बाईंना म्हटलं, "पिल्लं उडाली की फुकट बांधून देतो." तो आत शिरला तशी ती उठली आणि त्याच्याकडे न बघता निघून गेली.

मुकादम रजेचं "महिनाअखेर बघू" म्हणतो. डॉक्टरांनी तर वीस तारीख दिलीय. त्याला न विचारता अठराचं तिकीट काढलंय.

मी आलो की माझ्याकडे बघूही नकोस. खुशाल झोपून जा.

आईला नमस्कार सांग.

तुझाच,
कठड्यावरचा