लाल-हिरवा ओळखता येतो : हो

१५ सप्टें., सोम.
लर्निंग लायसन काढलं. गंगापूर रोडच्या सायबरवाल्यानं मान वर न करता विचारलं, "फिट येते? डोळे? कायपण नाय ना?" आणि फॉर्मवर धडाधड खुणा मारत सुटला. मी शेजारच्या दुकानातले मासे बघत होतो. एक काळा, शेपटी पंख्यासारखी, काचेला तोंड घासत होता. म्हटलं, नाय काय. परीक्षा तिथंच कॉम्प्युटरवर. सिग्नलचं चित्र, वरचा दिवा लागलेला. थांबा. पास!
सोपानमामा (आईचा भाऊ, भाजीची पिकअप चालवतो) खूश. गुडघा गेलाय त्याचा. म्हणाला, "महिनाभर मी शेजारी बसतो. पर्मनंट झालं की गाडी तुझी, शेठशी बोललोय." इगतपुरीचा ढाबा, कळवणचं दुकान, कुठंच टिकलो नाय मी. गाडीवर टिकेन. स्टेअरिंग हातात असलं की डोकं भटकत नाय.

१९ सप्टें.
आप्पांनी (वडील) मळ्यात तोडणीच्या बायांसमोर माझं टोमॅटोचं क्रेट उलटं केलं. "परत हिरवी तोडली! लक्ष कुठं असतं रे घोड्या?" मी दाबून बघतो, मऊ लागलं की तोडतो. आज घाई केली. बाकीचे नुसतं बघून कसं तोडतात... वाटायचं, ते नीट बघतात, आपण नाय.
मग फॉर्मची प्रिंट सहज चाळली. 'लाल आणि हिरवा रंग सहज ओळखता येतो का?' पुढं : हो. खाली माझी सही.
हा प्रश्न असतो? म्हणजे न येणारी माणसं असतात?

२० सप्टें.
मोबाईलवर रंग तपासायचं ठिपक्यांचं चित्र. आईला दाखवलं. भाकरी थापता थापता म्हणाली, "आठ हाय की. का रे?" चष्मापण नव्हता तिला. मला नुसते ठिपके.
फॉर्मवर खोटं लिहिलं की काय करतात? कुणाला विचारू?

२ ऑक्टो., दसरा
मामा गाडीला झेंडूचा हार बांधत होता. विचारलंच, लाल-हिरवं कळत नसलं तर गाडी चालवायची कशी? गाठ मारता मारता म्हणाला,
"वरचा थांब, खालचा जा. अठरा वर्षं झाली मला असं चालवत."
"तुलापण?"
"बोंबलू नको. तुझं लायसन जाईल, माझंबी जाईल."
"आणि सिग्नल नसतो तिथं?"
"पुढच्याच्या मागं जायचं."
"पुढं कुणी नसलं तर?"
"आपट्याची पानं घे," म्हणाला.

१० ऑक्टो., शुक्र.
कुंभमेळ्याच्या कामामुळं त्र्यंबक रोडला एकच बाजू चालू. तोंडाशी झेंडीवाली बाई. पुढं एकपण गाडी नाय. तिनं झेंडी उचलली. मी मामाकडं बघितलं, मामा म्हणाला, "हल, हल." गाडी घातली. समोरून डंपर. बाई हात पसरून मधे आली, मग खडीच्या ढिगावर उडी मारली. ब्रेक लागला. कसा, माहीत नाय.
"लाल हाय ना रे मुडद्या! डोळे फुटले काय दोघांचे?"
कोपर सोललं होतं तिचं. मामा खाली उतरून हात जोडत होता. ती ऐकेना. बरोबर आहे.
मामालाच विचारून गाडी घातली होती मी.

१६ ऑक्टो., गुरु.
आरटीओ. रांगेत पुढचा पोरगा गुटख्याची पुडी लपवत होता, तेवढीच करमणूक. ट्रॅकवर गाडी लोण्यासारखी गेली. रिव्हर्समधे एकापण खांबाला धक्का नाय. इन्स्पेक्टर मॅडम म्हणाल्या, "छान चालवतोस. कर सही."
पेन घेतला. मामा कुंपणापलीकडं, मान हलवतोय, सही कर, सही कर. मला त्या बाईचं कोपर दिसत होतं.
"मॅडम, मला लाल-हिरवं कळत नाय."
"मग फॉर्मवर हो कसं?"
"तेव्हा माहीत नव्हतं."
त्यांनी पेन काढून घेतला. माझा कागद बाजूला ठेवला. "सरकारी दवाखान्यात डोळे तपासून दाखला आण. किती दिसतं त्यावर ठरेल." पास नाय, नापास नाय.
मामा : "घेतलास ना पायावर धोंडा पाडून?" गाडी घेऊन एकटाच निघून गेला.

१७ ऑक्टो., शुक्र.
दवाखान्याच्या बाकड्यावर लिहितोय. हे लोक सर्टिफिकेटवर काय लिहितील? मनाई लिहिली तर परत टोमॅटो. टोमॅटोपण नीट कुठं येतात मला.
आत्ता मामा आला. गुडघा धरत, जिन्याला टेकत. म्हटलं, गुडघा दाखवायला?
"नाय."
शेजारी बसला. हातात त्याचा स्वतःचा केसपेपर. डोळ्यांचा, नंबर माझ्या आधीचा. शेठला सांगितलं का, विचारलं नाय मी. तो नुसता कागद गुंडाळतोय, सोडतोय.
आतून माझ्या आधी त्याचंच नाव पुकारलं. दोनदा.
मामा अजून बसलाय.